विश्लेषण : ‘नट्टू काकां’ची पगारवाढ आणि रोजावर जगणारा चरित्र अभिनेता

‘तारक मेहता का उलटा चष्मा’ पाहणाऱ्यांना गडा इलेक्ट्रॉनिक्स दुकानातला एक प्रसंग पाठ असेल. जेठालाल शेठचा मूड जरा बरा दिसला, की म्हातारे नट्टू काका हळूच पगारवाढीचा विषय काढतात. शेठ भडकतात, विषय तिथेच संपतो आणि काही भागांनंतर पुन्हा निघतो. ही भूमिका तेरा वर्षे करणारे घनश्याम नायक यांचे ३ ऑक्टोबर २०२१ रोजी कर्करोगाने निधन झाले, तेव्हा ते ७७ वर्षांचे होते. बहुतेक बातम्यांच्या मथळ्यांत त्यांच्या नावाआधी ‘नट्टू काका’ होते. पडद्यावर पगारवाढ मागणाऱ्या या माणसाच्या स्वतःच्या कमाईची गोष्ट मात्र विनोदी नाही. टीव्हीवरचा चरित्र अभिनेता नेमका कशावर जगतो, हे त्यातून कळते.

घनश्याम नायक कोण होते?

गुजरातमधील मेहसाणा जिल्ह्यातल्या उंधाई गावी १२ मे १९४४ रोजी त्यांचा जन्म झाला. घराणे कलावंतांचे. गुजरातची ‘भवाई’ ही लोकनाट्यपरंपरा, आणि त्यात प्रेक्षकांना हसवता हसवता टोमणे मारणारा ‘रंगलो’ हे पात्र. आपल्या तमाशातल्या सोंगाड्याचा हा गुजराती भाऊबंदच. नायक यांनी रंगलो साकारला आणि तीच त्यांची खरी शाळा ठरली. नट्टू काकांची डोळे मिचकावत बोलण्याची लकब किंवा समोरच्याचे वाक्य संपायच्या आत चेहऱ्याने दिलेले उत्तर, हे कुठल्या अभिनय कार्यशाळेत शिकवले जात नाही. मोकळ्या जागेत, माइकशिवाय, चारही बाजूंना बसलेल्या लोकांना धरून ठेवायची सवय असलेल्या नटाचे ते काम आहे.

बालकलाकार म्हणून सुरुवात केलेल्या नायक यांनी पुढे मुंबईच्या गुजराती रंगभूमीवर, गुजराती आणि हिंदी चित्रपटांत आणि नंतर मालिकांत काम केले. ‘हम दिल दे चुके सनम’ (१९९९) आणि ‘तेरे नाम’ (२००३) या गाजलेल्या चित्रपटांत ते आहेत. टीव्हीवर ‘एक महल हो सपनों का’, ‘खिचडी’, ‘सारथी’ अशी यादी बरीच लांबवता येते. कुठे घरातला नोकर, कुठे कुणाचा काका, कुठे दोन वाक्ये बोलून जाणारा गावकरी. प्रेक्षक चेहरा ओळखत, नाव नाही.

मग पैसा का नव्हता?

एके काळी २४ तास काम करून ३ रुपये मिळायचे, असे त्यांनी मुलाखतींत सांगितले होते. घरभाडे आणि मुलांची शाळेची फी भरण्यासाठी शेजाऱ्यांकडून उसने पैसे घ्यावे लागले, हेही सांगितले होते. त्यात तक्रारीचा सूर नसे. पण हा काळ उमेदवारीच्या दोन-चार वर्षांचा नव्हता, कित्येक वर्षांचा होता, हे लक्षात घ्यायला हवे.

याचे कारण या व्यवसायाच्या हिशेबात आहे. मालिकेतील चरित्र अभिनेत्याला सहसा महिन्याचा पगार नसतो. दिवसाचा दर ठरतो आणि जितके दिवस बोलावणे येईल तितक्या दिवसांचे पैसे मिळतात. कथानक नायिकेच्या माहेरी गेले, तर सासरच्या काकांना महिनाभर काम नाही. तेही पैसे लगेच हातात पडत नाहीत. हिंदी मालिकांच्या क्षेत्रात काम केल्यानंतर ९० दिवसांनी पैसे देण्याची पद्धत रुळलेली आहे. म्हणजे दिवाळीत केलेल्या कामाचा मोबदला संक्रांत उलटल्यावर. भविष्यनिर्वाह निधी नाही, पेन्शन नाही, आजारपणाची पगारी रजा नाही. नट्टू काका निदान शेठकडे पगारवाढ मागू शकत होते, कारण त्यांना पगार होता.

२००८ नंतर काय बदलले?

तारक मेहता यांनी ‘चित्रलेखा’ या गुजराती साप्ताहिकात १९७१ पासून लिहिलेल्या सदरावर आधारित ही मालिका २८ जुलै २००८ रोजी सब टीव्हीवर सुरू झाली. नायक तेव्हा ६४ वर्षांचे होते. नोकरदार माणूस निवृत्तीनंतर स्थिरावण्याच्या वयात त्यांना पहिल्यांदा कामाची शाश्वती मिळाली. मालिका आठवड्याचे पाच दिवस चालणारी आणि दुकान तिच्या रोजच्या जागांपैकी एक, त्यामुळे काउंटरवरचा माणूसही नियमित लागणार होता. याच मालिकेमुळे आपली आर्थिक ओढाताण संपली आणि मुंबईत घर झाले, असे ते सांगत.

याला नशीब म्हणणे सोपे आहे. पण एखादी मालिका तेरा वर्षे टिकली आणि आपले पात्र त्यात तेरा वर्षे टिकले, तरच चरित्र अभिनेत्याचे घर होणार असेल, तर ज्यांची मालिका सहा महिन्यांत बंद पडली त्यांचे काय, हा प्रश्न उरतोच.

६५ वर्षांचा नियम काय होता?

टाळेबंदीत मार्च २०२० पासून चित्रीकरण थांबले. राज्य सरकारने ३० मे २०२० रोजी ते पुन्हा सुरू करण्यासाठी मार्गदर्शक सूचना काढल्या. त्यात ६५ वर्षांवरील व्यक्तींना सेटवर मनाई होती. हेतू संरक्षणाचाच होता, ज्येष्ठांना करोनाचा धोका अधिक होता हेही खरे. पण ज्याला कामाच्या दिवसाचेच पैसे मिळतात, त्याला घरी सुरक्षित बसवणे म्हणजे त्याचे उत्पन्न शून्यावर आणणे. नायक तेव्हा ७६ वर्षांचे होते. काम करण्याची इच्छा असल्याचे ते जाहीरपणे सांगत होते.

नियमाविरुद्ध एका ७० वर्षीय अभिनेत्याने मुंबई उच्च न्यायालयात धाव घेतली. छोट्या भूमिका करून पोट भरणारा, दुसरे उत्पन्नाचे साधन नसलेला हा माणूस. सरकार इतर क्षेत्रांत ६५ वर्षांवरील व्यक्तींना दुकान उघडू देते, मग फक्त चित्रीकरणावर बंदी कशी, हा मुद्दा न्यायालयात निर्णायक ठरला. न्या. एस. जे. काथावाला आणि न्या. आर. आय. छागला यांच्या खंडपीठाने ७ ऑगस्ट २०२० रोजी ही अट भेदभाव करणारी ठरवून रद्द केली. जेठालालचे दुकान खरे असते, तर तिथे ७६ वर्षांच्या नट्टू काकांना बसता आले असते. दुकानाच्या चित्रीकरणात मात्र बसता येत नव्हते. या निकालाची चर्चा तेव्हा फारशी झाली नाही, ती व्हायला हवी होती.

अखेरचे वर्ष

सप्टेंबर २०२० मध्ये नायक यांच्या मानेवर शस्त्रक्रिया झाली आणि आठ गाठी काढण्यात आल्या. काही महिन्यांत ते पुन्हा चित्रीकरणाला गेले. एप्रिल २०२१ मध्ये आजार उलटला आणि केमोथेरपी सुरू झाली. चेहऱ्याला मेकअप लागलेला असतानाच मरण यावे, अशी इच्छा त्यांनी याच काळात बोलून दाखवली.

त्याच सुमारास ते बेरोजगार झाल्याचे, हलाखीत असल्याचे संदेश समाजमाध्यमांवर फिरू लागले. त्यांना ते खोडून काढावे लागले. केमोथेरपी घेणाऱ्या माणसाला आपण गरीब नाही हे जगाला पटवावे लागणे, हे फॉरवर्ड करणाऱ्यांपैकी कुणाच्या ध्यानातही आले नसेल.

पुढे काय?

कायद्यात एक वाट आहे. कॉपीराइट कायद्यात २०१२ साली झालेल्या दुरुस्तीनंतर कलम ३८अ नुसार सादरीकरणाचा व्यावसायिक वापर झाल्यास कलाकाराला रॉयल्टीचा हक्क आहे. कागदावर तो आहे. पण मालिकांच्या पुनःप्रक्षेपणाचा वाटा चरित्र अभिनेत्यापर्यंत सहसा पोहोचत नाही. करार करताना वाटाघाटीची ताकद वाहिनी आणि निर्मात्याकडे असते. हा आग्रह धरणाऱ्या नटाच्या जागी दुसरा काका लगेच मिळतो.

२०२२ मध्ये किरण भट्ट हे नवे नट्टू काका म्हणून मालिकेत आले. घनश्याम नायक यांचे जुने भाग मात्र टीव्हीवर आणि मोबाइलवर अजूनही पाहिले जातात, आणि त्यांत नट्टू काका शेठकडे पगारवाढ मागत आहेत.