देव एक, दलाल किती?

दर दोन-तीन महिन्यांनी एक फॉरवर्ड फिरत फिरत येतोच. ज्यूंचा एकच देव हा म्हणे मुळात इजिप्तचा माल. अखेनातेन राजाने शोधला आणि मोझेसने पळवला. परवा आमच्या गावाकडच्या ग्रुपवर एका गृहस्थांनी त्याला शेपूट जोडलं, "आपल्या फुल्यांनी तेच केलं. निर्मिक म्हणजे मिशनऱ्यांचा गॉड, फक्त पागोटं घातलेला." खाली धडाधड अंगठे! म्हटलं, चला, हा शनिवार कारणी लागला.

आधी इजिप्तचं बघू. इसवीसनापूर्वी चौदाव्या शतकात अखेनातेनने साधारण १७ वर्षं राज्य केलं. आतेन, म्हणजे सूर्याची तबकडी, हाच देव. आमूनची देवळं बंद, भिंतींवरचं त्याचं नाव छिन्नीने खरवडून साफ, आणि आज ज्याला अमार्ना म्हणतात तिथे नवी राजधानी. राजा गेला आणि काही वर्षांतच जुने देव परत आले. तूतनखातेनचं नाव बदलून तूतनखामून झालं ते यातूनच. १९३९ साली फ्रॉइडने मांडलं की मोझेस हा अखेनातेनच्या पंथातला इजिप्शियन होता. कल्पना झकास आहे, पुरावा मात्र नाही. इस्राएल हे नाव पहिल्यांदा दिसतं मेर्नेप्ताहच्या शिलालेखात, इ.स.पू. १२०८च्या सुमारास. म्हणजे अखेनातेननंतर सव्वाशे वर्षांनी, आतेनचं नामोनिशाण पुसून झाल्यावर.

आणि इस्राएलचे लोक पहिल्या दिवसापासून एकच देव मानत होते हे तरी कुणी सांगितलं? सिनाईत कुंतिलेत अज्रूद इथे १९७५-७६च्या उत्खननात इ.स.पू. ८००च्या आसपासचे लेख मिळाले. त्यात यहोवाच्या जोडीला 'त्याची अशेरा' आहे. ती अशेरा देवी की तिचा खांब, यावर पंडित अजून भांडतात, पण देव एकटा नव्हता एवढं दिसतंच. त्यानंतर चारशे वर्षांनी, खुद्द इजिप्तमधे एलेफंटाईन बेटावरच्या ज्यूंच्या वर्गणीच्या यादीत यहोवाबरोबर आणखी दोन दैवतांच्या नावे पैसे जमा आहेत. अगदी आपल्याकडच्या जत्रेच्या पावतीपुस्तकासारखं!

'दुसरा देव नाहीच' हे ठणकावून येतं ते यशयाच्या पुस्तकाच्या उत्तरार्धात, बाबिलोनच्या निर्वासनात. इ.स.पू. ५८६च्या सुमारास जेरुसलेमचं देऊळ जळालं, राजा कैदेत, माणसं परमुलखात. ज्या देवाला देऊळही उरलं नाही आणि राजाही, तो एकतर संपतो, नाहीतर सगळ्या जगाचा होतो. ज्यूंनी दुसरी वाट धरली. आतेनच्या स्तोत्रात आणि १०४व्या स्तोत्रात साम्य आहे, मान्य. पण एखादं गाणं फिरत फिरत आलं म्हणून अख्खा धर्म ढापला असं होत नाही. दोन प्रोग्रॅममधे एक फंक्शन सारखं दिसलं की लगेच कॉपी-पेस्टचा आरोप करायचा नसतो, आधी ते फंक्शन कोणासाठी काय काम करतंय ते बघायचं असतं.

माझा मुद्दा हाच आहे. देव किती ते मोजण्यात काही हशील नाही. मधे कोण उभा आहे ते बघा.

अखेनातेनच्या व्यवस्थेत आतेनला ओळखणारा फक्त राजा. अमार्नाच्या बड्या घरांतून राजा-राणीच्या प्रतिमा मिळाल्या, लोकांनी पुजायचं ते त्यांना. म्हणजे सर्व्हर एक, लॉगिनही एकच, आणि पासवर्ड साहेबांच्या खिशात. मजुरांच्या वस्तीत मात्र बेस आणि तावेरेत हे जुने घरगुती देव सापडले, आणि तिथल्या साध्या माणसांच्या दफनभूमीतल्या हाडांवर उपासमारीच्या आणि ओझ्याच्या खुणा. बिचाऱ्यांना एक देव मिळाला, पण मधला माणूस काही हटला नाही. उलट आणखी मोठा झाला.

आता साताऱ्याकडे येऊ. जोतीरावांचं मूळ घराणं खटाव तालुक्यातल्या कटगुणचं, सावित्रीबाई नायगावच्या. दोन्ही गावं सातारा जिल्ह्यातली. जोतीराव पुण्यात स्कॉटिश मिशनच्या शाळेत शिकले, १८४७च्या सुमारास त्यांनी टॉमस पेन वाचला. यात लपवण्यासारखं काहीच नाही. गंमत अशी की पेन स्वतःच चर्चशी भांडलेला माणूस!

पण 'ढापला'वाल्यांनी एका प्रश्नाचं उत्तर द्यावं. निराकार एकच देव मानणारा प्रार्थना समाज मुंबईत १८६७ सालीच निघाला होता. जोतीरावांना फक्त एक देव हवा असता तर तयार माल समोर होता, सभासद व्हायचं की! मग सहा वर्षांनी, २४ सप्टेंबर १८७३ला, पुण्यात वेगळा सत्यशोधक समाज कशाला काढला? कारण प्रार्थना समाजात जात मोडण्याची आणि घरातले जुने विधी सोडण्याची सक्ती नव्हती. देव एक झाला तरी दारात भटजी तसाच. जोतीरावांचं गणित साधं होतं. निर्मिक सगळ्यांचा आईबाप, तर लेकरांना आईबापाशी बोलायला दलाल कशाला? म्हणून त्याच डिसेंबरात भटजीशिवाय पहिलं सत्यशोधक लग्न लागलंसुद्धा.

दुसरी गोष्ट. १८९१ साली, त्यांच्या मृत्यूनंतर, 'सार्वजनिक सत्यधर्म पुस्तक' आलं. त्यात एक घर कल्पिलं आहे. बाई बौद्ध, नवरा ख्रिस्ती, मुलगी मुसलमान, मुलगा सत्यधर्मी, आणि सगळे एका छपराखाली मायेने नांदताहेत. असं घर कुठला मिशनरी मंजूर करेल सांगा बरं? अखेनातेनचा एक देव दुसऱ्याचं नाव खरवडतो. जोतीरावांचा निर्मिक चारही नावांना घरात जागा देतो. हे दोन्ही 'एकेश्वरवाद' या एकाच खान्यात टाकणाऱ्याने डेटाबेसची कामं करू नयेत :)

आणि ही कल्पना यायला इथे मिशनरीच यायला हवे होते असंही नाही. मिरज-जतकडच्या लिंगायत मित्रांना विचारा. बाराव्या शतकात बसवण्णांनी इष्टलिंग प्रत्येकाच्या गळ्यात दिलं, देऊळही नको आणि मधला पुजारीही नको. पुढे तिथेही मठ आणि स्वामी आलेच, तो भाग वेगळा. मधला माणूस बाहेर काढला तरी मागच्या दाराने परत येतो, हा बग फार जुना आहे.

आमच्या भागाने तो बग एकदा मोठ्या प्रमाणावर दुरुस्त करून दाखवला होता. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला सातारा भागात (तेव्हा आजच्या सांगलीचा बराच मुलूख त्यातच) सत्यशोधक जलसे गावोगाव फिरले. याच मातीतून येडेमच्छिंद्रचे क्रांतिसिंह नाना पाटील आले, आणि १९४३ ते १९४६च्या प्रतिसरकारात गांधी-लग्नं लागली, विनाखर्च, विनाहुंडा. अमेरिकेतून आलेल्या गेल ऑम्वेट यांनी या चळवळीवर १९७६ साली पुस्तक काढलं, पुढे कासेगावलाच राहिल्या आणि २०२१ साली तिथेच वारल्या. आम्ही मात्र जोतीरावांचा फोटो भिंतीवर आणि मुहूर्ताचं पंचांग फोटोखालच्या ड्रॉवरमधे, असा सुवर्णमध्य काढलाय.

सध्या घरी माझ्या लग्नाची बोलणी चालू आहेत. मी सत्यशोधक पद्धतीने करू म्हटलं तर काका म्हणाले, "अरे, विचार चांगलेच आहेत, पण मुलीकडचे काय म्हणतील?" तिला विचारलं, ती एका मिनिटात हो म्हणाली. आता दोन्हीकडचे मोठे लोक तिला समजवायला बसलेत :( म्हणजे मधली माणसं नुसती देवळातच असतात असंही नाही.

तेव्हा मंडळी, फुल्यांनी देव कुठून आणला याची चौकशी खुशाल करा. पण पुढच्या वेळी अंगठा दाबण्याआधी आपल्या घरातलं शेवटचं लग्न आठवा, तिथे मधे कोण बसलं होतं आणि कोणी बसवलं होतं, आणि मग दाबा.