विस्मृतीत गेले म्हणे!

परवा नातवाची सामान्यज्ञानाची वही चाळत होते. प्रश्न होता, भारताला पहिले वैयक्तिक सुवर्णपदक कोणी मिळवून दिले? उत्तर : अभिनव बिंद्रा, बीजिंग, २००८. बाजूला लाल शाईची बरोबरची खूण.

मला एकदम माझाच वर्ग आठवला. २००८ साली चिंचवडच्या शाळेत हेच वाक्य मी स्वतः फळ्यावर लिहिले होते. वर्गातल्या निम्म्या मुलांचे वडील कारखान्यांत, त्यातले कितीतरी टेल्कोत. आणि त्याच टेल्कोत नोकरी केलेल्या मुरलीकांत पेटकरांनी १९७२ साली, म्हणजे बिंद्राच्या छत्तीस वर्षे आधी, सुवर्णपदक आणले होते हे त्या मुलांना सांगावे असे मला सुचले नाही. कारण मलाच ते माहीत नव्हते!

पेटकर सांगली जिल्ह्यातल्या इस्लामपूरचे. सैन्यात गेले, तिथे बॉक्सिंग खेळले. १९६५ च्या युद्धात गोळ्या लागल्या आणि कमरेखालचे शरीर निकामी झाले. उपचार म्हणून पाण्यात उतरले आणि पोहण्यात पुढे गेले. १९६८ साली तेल अवीवच्या पॅरालिम्पिकमध्ये टेबल टेनिस खेळले. १९७२ साली जर्मनीत हायडेलबर्गला पन्नास मीटर फ्रीस्टाइल ३७.३३ सेकंदांत पोहून सुवर्ण जिंकले, तेही जागतिक विक्रमासह. त्याच वर्षी म्युनिक ऑलिंपिकमध्ये अख्ख्या भारताच्या वाट्याला एकच पदक आले, हॉकीचे ब्रॉन्झ. आमच्या पिढीला ते ब्रॉन्झ पाठ आहे.

आता २०२४ साली त्यांच्यावर हिंदी चित्रपट आला आणि जो तो म्हणू लागला, "अरेरे, विस्मृतीत गेलेला खेळाडू!" हा शब्द मला खटकतो. विसरायला आधी माहीत असावे लागते. आपण त्यांचे नाव कधी वहीत लिहूनच घेतले नाही. आणि मग दोष नशिबाला!

कोणी म्हणेल, "बाई, पॅरालिम्पिक वेगळे, ऑलिंपिक वेगळे." मान्य. बिंद्राचे श्रेय कमी करावे असे मी म्हणतच नाही. पण वेगळे म्हणजे कमी, हे कोणी ठरवले? १९५२ साली हेलसिंकीला खाशाबा जाधवांनी कुस्तीत ब्रॉन्झ मिळवले ते बँटमवेट गटात. त्या गटात जड वजनाचे पैलवान नव्हते म्हणून खाशाबांचे पदक हलके झाले का? कुस्तीत वजनाप्रमाणे गट, तसे इथे शरीराच्या अवस्थेप्रमाणे गट. बरोबरीच्या माणसांत जो पहिला, तो पहिला. इतका साधा हिशेब आहे.

सरकारनेही हा हिशेब सावकाशच केला. १९८२ साली अर्जुन पुरस्कारासाठी त्यांचा विचार झाला नाही. पद्मश्री मिळाली २०१८ साली. अर्जुन (जीवनगौरव) मिळाला जानेवारी २०२५ मध्ये, वयाच्या ऐंशीव्या वर्षी. खाशाबांना तर अर्जुन मरणोत्तर मिळाला. पण सरकारवर बोट ठेवून मला सुटता येणार नाही. सरकारचा पुरस्कार माझ्या हातात नव्हता, खडू मात्र होता.

दिव्यांग खेळाडूंविषयी आपण हळवे फार होतो. "केवढी जिद्द!" म्हणतो, डोळे पुसतो आणि पुढच्या पानाकडे वळतो. त्यांच्या वेळेचे आकडे, गट, प्रतिस्पर्धी यांची चौकशी करत नाही. सचिनच्या धावा मात्र आपल्याला तोंडपाठ! खेळाडूला हळहळ नको असते हो, नोंद हवी असते.

म्हणून नातवाच्या वहीत मी पेन्सिलीने एक ओळ वाढवली : पॅरालिम्पिकमधील पहिले सुवर्ण, मुरलीकांत पेटकर, हायडेलबर्ग, १९७२. तो म्हणाला, "आजी, परीक्षेत हे लिहिलं तर मार्क कापतील का?"

माझ्या शिक्षक मित्रमैत्रिणींनो, याचे उत्तर तुम्हीच द्यायचे आहे.