पडद्यावरचं नाव आणि घरातलं नाव



आज आधी एक कोडं. रूबी मायर्स, एस्तेर व्हिक्टोरिया अब्राहम आणि फ्लॉरेन्स इझिकेल या तिघी कोण? मुलांनो, तुम्हांला नाही सांगता यायचं. पण साबा-साव्तांना यांची पडद्यावरची नावे सांगा आणि त्यांचे डोळे कसे चमकतात ते बघा. सुलोचना, प्रमिला आणि नादिरा! तिघीही ज्यू.

मेलबर्नचे माहितीपटकार डॅनी बेन-मोशे यांनाही हे ठाऊक नव्हते. २००६ साली नादिराबाई वारल्या, तेव्हा त्यांच्यावरचा मृत्युलेख वाचून ते चकित झाले. हिंदी सिनेमात ज्यू नट्या? मग शोध सुरू झाला आणि २०१७ साली 'शालोम बॉलीवूड' हा माहितीपट पुरा झाला.

पूर्वी घरंदाज बाईने सिनेमात काम करणे कमीपणाचे मानत. १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तारामतीचे काम साळुंके नावाच्या पुरुषाने केले! पुढे बगदादी ज्यू आणि अँग्लो-इंडियन मुली धीटपणे कॅमेऱ्यासमोर आल्या. टेलिफोन ऑपरेटर रूबी 'सुलोचना' झाली आणि मूकपट गाजवले. १९७३ चा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना मिळाला. प्रमिला १९४७ साली मिस इंडिया झाल्या. पण पडद्यावरच्या नावाखाली घरातलं नाव झाकलं गेलं, आणि त्याबरोबर त्या कोणाच्या कोण, हेही लोक विसरले.

आपले बेने इस्राएलही मागे नव्हते बरं का! 'बूट पॉलिश' (१९५४) मधले जॉन चाचा आठवतात? ते डेव्हिड. पूर्ण नाव डेव्हिड अब्राहम चेऊलकर. आडनावातच आपल्या कोकणातलं चेऊल गाव आहे. पण पडद्यावर नुसतंच 'डेव्हिड' यायचं, मग चेऊल कोणाला दिसणार? आणि १९३१ चा पहिला बोलपट 'आलम आरा' लिहिणारे जोसेफ डेव्हिड, तेही आपलेच.

माझ्या मनाला एकच गोष्ट लागते. बेन-मोशे यांना नादिराबाईंची ओळख झाली ती त्यांच्या मृत्यूच्या बातमीतून. शंभर प्रश्न मनात आले असतील, पण उत्तर द्यायला बाई नव्हत्या. दुसऱ्यांना विचारून, जुन्या फिती पाहून कथा जुळवावी लागली.

आपल्याकडे तसं होऊ नये. साबा-साव्ता अजून घरात आहेत, तोवर या शब्बाथला जेवण झाल्यावर त्यांच्याजवळ बसा. विचारा: तुमचं गाव कोणतं? तिथे तुम्हांला कोणत्या नावानं हाक मारायचे? पहिला सिनेमा कुठे पाहिलात, कोणाबरोबर? आणि साबा-साव्ता, "त्यात काय सांगायचं?" असं म्हणून उठू नका हं! सांगा. मुलांनी ते वहीत उतरवून ठेवावं, खाली तारीख घालावी.

पुढच्या अंकी भेटू. शालोम!