तोतयाचा खेळ आणि खोलीचा यजमान

मालेगाव म्हटले की महाराष्ट्राच्या डोळ्यांपुढे नाशिक जिल्ह्यातील यंत्रमागांचे शहर उभे राहते. १ जुलै १९९८ रोजी अकोल्यातून वेगळ्या झालेल्या वाशीम जिल्ह्यातील मालेगाव हे त्या मानाने लहान, तालुक्याचे ठिकाण. नागपूर-मुंबई हा जुना हमरस्ता या गावावरून जातो, आणि सोयाबीन-तुरीच्या हंगामावर येथील बाजारपेठेचा वर्षभराचा हिशेब ठरतो. चावडी, पार आणि चहाची टपरी ही अशा गावांची परंपरागत बैठकीची ठिकाणे. अलीकडच्या काळात त्यांत आणखी एका बैठकीची भर पडली आहे. ती कोणाला दिसत नाही; कारण ती मोबाइलच्या पडद्यावर, संकेताक्षरे टाकून उघडणाऱ्या बंद खोलीत भरते. त्या बैठकीला अध्यक्ष असतो, तिचे नियम असतात, आरोप होतात, मतदान होते आणि शिक्षाही होते. तिचे सभासद मात्र बहुधा शाळा-महाविद्यालयांतील मुले असतात. म्हणूनच तिच्याकडे ‘पोरांचे खेळ’ म्हणून काणाडोळा करणे योग्य ठरणार नाही.

ज्या खेळाविषयी हे लिहावयाचे त्याचे नाव ‘अमंग अस’. अमेरिकेतील ‘इनरस्लॉथ’ या छोट्याशा संस्थेने तो २०१८ साली प्रसिद्ध केला. दोन वर्षे त्याकडे फारसे कोणाचे लक्ष गेले नाही. २०२० साली करोनाच्या साथीने जग घरात कोंडले गेले, तेव्हा तो एकाएकी घरोघर पोहोचला. भारतात २ सप्टेंबर २०२० रोजी सरकारने ‘पबजी’सह ११८ चिनी उपयोजनांवर बंदी घातली, तीही याच सुमारास. त्याच वर्षी २० ऑक्टोबरला अमेरिकी काँग्रेसच्या सदस्या अलेक्झांड्रिया ओकासिओ-कोर्टेझ यांनी मतदानाचा प्रचार करण्यासाठी हा खेळ जाहीरपणे खेळून दाखविला, आणि चार लाखांहून अधिक लोक एकाच वेळी तो पाहत होते. खेळ आणि राजकारण यांतील अंतर किती थोडे आहे, याचा तो बोलका दाखला होता.

खेळाचे सूत्र साधे आहे. चार ते पंधरा खेळाडू एका अंतराळयानावर कामे करीत असतात. त्यांच्यात एक ते तीन तोतये मिसळलेले असतात. तोतयांना एकमेकांची ओळख असते. इतरांना कोणाचीच नसते. तोतया एकेकाला गाठून ठार करतो. प्रेत सापडले की सभा भरते, चर्चा होते आणि ज्याच्या विरुद्ध सर्वाधिक मते पडतील त्याला यानाबाहेर फेकले जाते. मुळात ही कल्पना मॉस्कोची. मॉस्को राज्य विद्यापीठाच्या मानसशास्त्र विभागात दिमित्री दाविदोव्ह याने १९८० च्या दशकात ‘माफिया’ हा बैठा खेळ रचला. माहिती असलेले थोडे आणि माहिती नसलेले पुष्कळ यांचा झगडा हा त्याचा गाभा होता.

मराठी माणसाला हे अगदीच परके वाटावयास नको. राजा, प्रधान, शिपाई आणि चोर अशा चार चिठ्ठ्या टाकून चोर ओळखण्याचा खेळ कित्येक पिढ्यांनी उन्हाळ्याच्या सुटीत खेळला आहे. आणि खेळाबाहेर पाहावयाचे तर पानिपतानंतर सदाशिवरावभाऊ म्हणून वावरलेल्या तोतयाने पेशवाईला केवढा मनस्ताप दिला! १७६१ च्या रणात हरवलेला पुरुष हाच, असे मानणारे लोक निघाले. १७७६ साली त्याचे बंड मोडून त्याला देहदंड देईपर्यंत राज्ययंत्रणेला स्वस्थता लाभली नाही. माणूस आहे तो खरा की खोटा, हे ठरविण्याचे काम दरबारालाही सोपे गेले नाही, हे लक्षात ठेवण्यासारखे आहे.

यजमानाचे अधिकार

या खेळाचे खरे मर्म तोतयात नसून यजमानात आहे. अनोळखी लोकांबरोबर खेळावयाचे नसेल तर कोणीतरी एकजण खासगी खोली उघडतो, सहा अक्षरांचा संकेत मित्रांना कळवितो आणि सामना भरवितो. तोतये किती असावेत, एका खुनानंतर दुसऱ्या खुनापर्यंत किती वेळ जावा, चर्चेला किती सेकंद द्यावेत, मतदानाला किती, कोणी कोणाला मत दिले ते दिसावे की झाकावे, बाहेर फेकलेला माणूस तोतया होता की निरपराध हे जाहीर करावे की नाही, हे सर्व तोच ठरवितो. न पटणाऱ्याला खोलीतून काढून टाकण्याचा अधिकारही त्याच्याच हाती. एखाद्या सभेचा अध्यक्ष, तिची नियमावली करणारी समिती आणि दारावरचा शिपाई या तिन्ही जागा एकाच व्यक्तीकडे असाव्यात, तसा हा प्रकार आहे.

हे अधिकार किरकोळ नाहीत, हे साध्या अंकगणितानेही समजते. दहा खेळाडू आणि त्यांत दोन तोतये आहेत असे धरू. पहिला खून झाला की नऊ उरतात. पुराव्यावाचून, केवळ अंदाजाने एकाला बाहेर काढावयाचे ठरले तर नऊपैकी सात वेळा निरपराध माणूसच बळी जाणार. तोतयांची संख्या इतरांच्या बरोबरीला आली की ते जिंकतात. प्रत्येक दोन सभांच्या मध्ये एक खून होतो असे गृहीत धरले तर लागोपाठ तीन निवाडे चुकताच खेळ संपतो. तोतयांना तीनच खून करावे लागतात. उरलेले तीन बळी सभा स्वतःच्या हाताने देते. चर्चेचा वेळ यजमानाने कापला की निवाडे अंदाजाने होतात, आणि अंदाजाने होणारे निवाडे कोणाच्या पथ्यावर पडतात हे वरील हिशेबावरून उघड आहे.

संशय आणि निवाडा

पडद्यावर बाहेर फेकलेला खेळाडू दहा मिनिटांनी पुन्हा नव्या डावात सामील होतो. गावात तसे होत नाही. १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातील साक्री तालुक्यात, राईनपाडा येथे आठवडी बाजाराच्या दिवशी पाच जणांना जमावाने ठार मारले. ते नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे, मंगळवेढ्याकडचे, भिक्षेवर पोट भरणारे लोक होते. मुले पळविणारी टोळी आल्याची अफवा मोबाइलवरून आधीच पसरलेली होती. तेथे प्रेत सापडले नव्हते, मूल हरवले नव्हते. होता तो केवळ संशय. चर्चा झाली नाही, आरोपीला बोलू दिले गेले नाही, आणि निवाडा मात्र पार पडला. त्याच जुलै महिन्यात व्हॉट्सअॅपने भारतात एक संदेश एका वेळी पाचांहून अधिक ठिकाणी पुढे धाडण्यास मज्जाव केला. म्हणजे खोलीच्या मालकाने नियम बदलला. पण पाच जीव गेल्यानंतर.

जातपंचायतीचा इतिहास याहून निराळा नाही. तेथे चर्चा होते, पंच असतात. तरी नियम करणारे आणि निवाडा देणारे तेच असल्यामुळे बाहेर टाकलेल्या कुटुंबाला दाद मागण्यास जागा उरत नाही. महाराष्ट्र विधिमंडळाला यासाठी २०१६ साली सामाजिक बहिष्कारविरोधी कायदा करावा लागला, आणि २०१७ मध्ये तो अमलात आला. बहिष्कार घालणाऱ्यास तीन वर्षांपर्यंत कैद आणि एक लाख रुपयांपर्यंत दंड अशी त्यात तरतूद आहे. बहुमत आहे म्हणून कोणालाही समाजाबाहेर काढता येत नाही, हे त्या कायद्याचे सार होय.

मत गुप्त असावे की उघड, हा प्रश्नही असाच जुना आहे. गावातील दारूचे दुकान बंद करण्यासाठी महाराष्ट्रात उभ्या व आडव्या बाटलीचे मतदान होते, ते गुप्त असते. नवऱ्याच्या, सासऱ्याच्या वा दुकानदाराच्या डोळ्यांदेखत हात वर करावा लागला असता तर किती स्त्रियांनी आडव्या बाटलीला मत दिले असते? उलटपक्षी, ग्रामपंचायतीच्या सदस्याने ठरावाच्या बाजूने की विरुद्ध मत दिले, हे गावाला कळलेच पाहिजे. दुर्बळाचे मत झाकावे आणि सत्ताधाऱ्याचे उघडे ठेवावे, हा विवेक आहे. खोलीचा यजमान एक बटण दाबून यांपैकी एक पद्धत स्वीकारतो तेव्हा तो नकळत राज्यशास्त्राच्या एका मूळ प्रश्नाचे उत्तर देत असतो. त्या उत्तराची जाणीव त्याला कोणी करून द्यावयाची?

पैसा खोलीत शिरला की

आणखी एक बाब पालकांनी व शिक्षकांनी गंभीरपणे घेतली पाहिजे. तोतयाच्या खेळात बहुधा पैशाचा संबंध नसतो. पण खासगी खोली उघडण्याची हीच सोय बंदुकीच्या लढायांच्या खेळांतही आहे, आणि तेथे प्रत्येकाकडून प्रवेशाचे पन्नास-शंभर रुपये मोबाइलवरून गोळा करून विजेत्याला बक्षीस वाटण्याची प्रथा पडली. संसदेने ऑगस्ट २०२५ मध्ये ऑनलाइन खेळांविषयीचा कायदा मंजूर केला, आणि २२ ऑगस्टला त्यास राष्ट्रपतींची संमती मिळाली. पैसे भरून पैसे जिंकण्याच्या आशेने खेळला जाणारा कोणताही ऑनलाइन खेळ, मग तो कौशल्याचा असो वा नशिबाचा, त्यात निषिद्ध ठरविण्यात आला आहे. असा खेळ पुरविणाऱ्यास तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक कोटी रुपयांपर्यंत दंड, अथवा दोन्ही. मान्यताप्राप्त व नोंदणीकृत ई-क्रीडा स्पर्धांना प्रवेशशुल्क घेण्याची मुभा आहे; परंतु घराच्या गच्चीवर बसून खोली उघडणारा विद्यार्थी त्या वर्गात बसत नाही. खेळणाऱ्यापेक्षा खेळ भरविणाऱ्यावर कायद्याचा रोख आहे. आपण केवळ मित्रांचा सामना भरवितो, अशा समजुतीत असलेल्या मुलाला हा फरक वेळीच समजावून सांगणे हे वडीलधाऱ्यांचे कर्तव्य आहे.

यावर कोणी म्हणेल की मग सगळेच खेळ बंद करावेत. बंदीचा अनुभव काही फार उत्साहवर्धक नाही. ‘पबजी’ गेला, २ जुलै २०२१ रोजी त्याचाच भारतीय अवतार निराळ्या नावाने आला. शिवाय तोतयाच्या खेळात मुले खोटे बोलावयास शिकतात हा आक्षेप अर्धाच खरा आहे. त्यातील बहुसंख्य खेळाडूंचे काम खोटे ओळखण्याचे असते. निवडणुकीच्या प्रचारापासून बनावट कर्जाच्या संदेशांपर्यंत खोट्याचा सुळसुळाट झालेल्या काळात हे शिक्षण अनाठायी म्हणता येणार नाही. दोष खेळात नसून तो ज्या नियमांनी भरविला जातो त्यांत आहे, आणि नियम करणे हे माणसाच्या हातचे काम आहे.

म्हणून शाळेने या खोलीकडे पाठ फिरविण्याऐवजी तिचे दार उघडावे. नागरिकशास्त्राच्या तासाला मोबाइलशिवाय, चिठ्ठ्यांवरही हा खेळ होऊ शकतो. त्यासाठी चार पथ्ये पुरेशी आहेत. यजमानपद दर डावाला बदलावे. नियम आधी सर्वांना वाचून दाखवावेत आणि डावाच्या मध्यात ते बदलू नयेत. ज्याच्यावर आरोप आहे त्याला मतदानापूर्वी बोलू द्यावे. आणि डाव संपल्यावर कोणत्या पुराव्यावर कोणाला बाहेर काढले व तो खरोखर कोण होता, याची उजळणी करावी. ही उजळणीच सर्वांत महत्त्वाची; कारण आपल्या हातून निरपराधाला शिक्षा झाली हे एकदा डोळ्यांनी पाहिलेला विद्यार्थी पुढे चावडीवर वा समाजमाध्यमांवर मत देताना थोडा थांबेल.

खेळातील दोन तरतुदींकडे तर आवर्जून लक्ष वेधावे. मते समसमान पडली, किंवा पुरावा नाही म्हणून बहुतेकांनी कोणालाच मत दिले नाही, तर कोणालाही बाहेर काढले जात नाही. दुसरी त्याहून मोलाची. यानावरील मंडळींनी नेमून दिलेली सर्व कामे पूर्ण केली तर एकाही तोतयाला न पकडता ती जिंकतात. मालेगावसारख्या तालुक्यात कार्यालये, शाळा आणि ग्रामपंचायती ज्यांच्या कष्टांवर चालतात, त्या शिक्षक-कारकुनांना हा नियम वेगळा समजावून सांगण्याची गरज नाही. संशयात गेलेल्या वेळात कामे पडून राहतात, आणि पडून राहिलेल्या कामांतच तोतयाला संधी मिळते. तालुक्याच्या पुढच्या पिढीतील सरपंच, मुख्याध्यापक आणि तलाठी आज अशाच कोणत्यातरी खोलीत यजमानपदाचे पहिले धडे गिरवीत असतील. ते धडे नीट गिरविले जातात की नाही, हे पाहण्याची जबाबदारी आजच्या वडीलधाऱ्यांना टाळता येणार नाही.