आरसा धरणाऱ्याचं नाव काय?

दोस्तांनो, या अंकात एका बाईच्या कामाबद्दल लिहितोय. नसरीन मुन्नी कबीर. जन्म हैदराबादचा, वाढली लंडनात. हिंदी सिनेमातल्या नामवंतांना कॅमेऱ्यापुढे बसवायचं आणि बोलतं करायचं, हे हिचं काम. ‘मूव्ही महल’ ही चाळीसवर भागांची मालिका, १९८९ साली गुरुदत्त, मग लता मंगेशकरांवर सहा भाग, २००५ साली शाहरुख खान. सगळं ब्रिटनच्या चॅनल फोरसाठी.

आपल्यातले काही म्हणतील, पडद्यावरच्या राजाराण्यांची आरती आपल्याला काय कामाची? मी म्हणतो, आरती ठेवा बाजूला, हत्यार बघा.

गुरुदत्त १९६४ साली गेला. पंचवीस वर्षांनी ही बाई त्याच्या मागे राहिलेल्यांकडे गेली. कॅमेरामन व्ही. के. मूर्ती, लेखक अबरार अल्वी, बहीण ललिता लाजमी, वहिदा रहमान, जॉनी वॉकर. जॉनी वॉकर म्हणजे बदरुद्दीन काझी, एके काळचा बेस्टचा कंडक्टर. यातले बहुतेक आज मातीत गेलेत. तेव्हा गाठले म्हणून त्यांचं बोलणं उरलं. नसते गाठले तर सालं सगळं त्यांच्याबरोबरच गेलं असतं.

आणि पैसा कुठून आला? चॅनल फोर १९८२ साली सुरू झालं. इतर वाहिन्या ज्यांना विचारत नाहीत त्यांच्यासाठी कार्यक्रम कर, असं कायद्यानेच त्याला बजावलं होतं. उपकार कोणी केला नाही. कायदा होता म्हणून दार उघडलं.

इकडे मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं. दलित पँथरही त्याच वर्षी उभी राहिली. दोघं एकाच वयाची. एवढ्या वर्षांत आपले किती शाहीर त्या पडद्यावर तासभर बसून बोलले, बोटं मोजा. वामनदादा कर्डक २००४ साली गेले. हजारो गाणी लिहिली, गावोगाव गायली, लोकांनी तोंडपाठ ठेवली. त्यांच्यावर चाळीस भाग कोणी केले? विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर २००२ साली गेली. आता तिच्या नावाने सरकार पुरस्कार वाटतं.

विलास घोगरे मात्र पडद्यावर आहे. आनंद पटवर्धनांच्या ‘हमारा शहर’मध्ये, १९८५ साली, तो गायला. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांनी दहा माणसं मारली आणि काही दिवसांत विलासने गळफास घेतला. तिथून ‘जय भीम कॉम्रेड’ सुरू झाला, तो पुरा व्हायला २०११ उजाडलं. कॅमेरा आधी पोचला होता म्हणून त्याचा आवाज आज आपल्याकडे आहे. बाकीच्यांचं काय?

‘कागज के फूल’मधला तो उन्हाचा झोत आठवा. १९५९ सालचा. मूर्तींनी मोठे आरसे लावून बाहेरचं ऊन स्टुडिओत आणलं. मूर्तींना पुढे फाळके पुरस्कार मिळाला, मिळायलाच हवा होता. पण आरसे धरून उन्हात उभे होते त्यांची नावं? मी गोदीत काम करतो. क्रेन माल उचलते तेव्हा खाली हूक लावणारा एक माणूस असतो. त्याचं नाव कुठल्या कागदावर येत नाही.

म्हणून सांगतो. प्रत्येकाच्या खिशात मोबाईल आहे. आपल्या वस्तीत सत्तरी ओलांडलेला एखादा गाणारा, ढोलकीवाला, तमाशात राबलेली एखादी म्हातारी असेलच. या रविवारी जा. तुम्ही कमी बोला, त्यांना बोलू द्या. गाण्यामागे कोरस कोण धरायचं, पेटी कोण वाजवायचं, तेही विचारा. गाव, तारीख, नावं लिहून ठेवा. एक प्रत तिसऱ्याच माणसाकडे ठेवा, मोबाईल हरवतात. आणि दूरदर्शनच्या दारात हक्काने जाऊन वेळ मागायची, ती लढाई वेगळी, तीही लढू.

पुढच्या अंकात एक पान मोकळं सोडतोय. कोणी कोणाला गाठलं, ती यादी तिथे छापायची आहे. पान कोरं राहू देऊ नका.