शाब्दिक उदाहरणाची भाषा

2019 मध्ये बालभारतीच्या दुसरीच्या गणित-पुस्तकात ‘एकवीस’च्या जोडीला ‘वीस एक’ हे वाचन आले, तेव्हा महाराष्ट्रात मोठा वाद झाला. तो मुख्यतः संख्यानामांभोवतीच फिरला. वास्तविक गुणाकाराच्या शाब्दिक उदाहरणात मूल अडते ते नामापेक्षा वाक्यापाशी. आणि वाक्याचा विचार हे भाषाभ्यासकाचे काम असता ते त्याने गणितशिक्षकावर सोडून दिले आहे.

‘वडिलांचे वय मुलाच्या वयाच्या तिप्पट आहे. वडील 36 वर्षांचे, तर मुलगा किती वर्षांचा?’ याचे उत्तर 108 लिहिणाऱ्या मुलाला तीनचा पाढा येत नाही असे नव्हे. तो चांगलाच येतो. ‘तिप्पट’ दिसताच त्याने गुणले. कोण कोणाच्या तिप्पट, हे सांगणारा ‘च्या’ मात्र नजरेतून निसटला. अशा मुलावर ‘गणितात कच्चा’ हा शिक्का बसतो, तो अन्यायाचा होय. ‘प्रत्येकी आले की गुणावे’ ही वर्गातील क्लृप्तीही ‘48 आंबे 4 मुलांना सारखे वाटले, तर प्रत्येकी किती?’ येथे कोसळते. मोठ्यांनी फार हसू नये. ‘तीन पटींनी जास्त’ म्हणजे तिप्पट की चौपट, याचा उलगडा त्यांनाही सहसा होत नाही.

भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त (1150) हरिणाक्षी बालेला 135 ला 12 ने गुणावयास सांगितले आहे, पण ‘बारा’ न म्हणता ‘सूर्य’ म्हटले आहे. आदित्य बारा, हे ठाऊक नसणाऱ्यास 1620 हे उत्तर मिळावयाचे नाही.

मराठी शाळेतील सवायकी, अडीचकी, औटकी यांनाही बाजाराची बोली होती: सव्वा रुपया शेराचा गूळ अडीच शेर घेतला, तर तीन रुपये दोन आणे. 1957 साली दशमान नाणी आली आणि हे पाढे मागे पडले. ‘औट घटकेचे राज्य’ म्हणणाऱ्यालाही ‘औट’ म्हणजे साडेतीन हे आता क्वचितच आठवते. ते परत आणा, असा आग्रह कोणी धरू नये. मात्र त्यांच्या जागी जी ‘एका पेटीत 12, तर 15 पेट्यांत किती?’ अशी एकसुरी वाक्ये आली, ती वाचावीच लागत नाहीत. दोन संख्या उचलल्या की भागते. एखादी अनावश्यक संख्या घातली, किंवा आकडेमोडीपूर्वी ‘येथे मोठे कोण?’ एवढेच विचारले, तरी मुलास वाक्य वाचणे भाग पडेल.