निरोप समारंभानंतरची नोटीस

शाल, श्रीफळ, हार, ग्रुप फोटो. ‘साहेब, तुमच्याशिवाय ऑफिस सुनं सुनं वाटेल’ अशी चार भाषणं. आणि मग वर्षभराने घरी रजिस्टर पोस्टाने एक पाकीट येतं : तुमच्याविरुद्ध विभागीय चौकशी सुरू करण्यात येत आहे!

रिटायर झाल्यावरही कारवाई होते? होते. आणि हे आपण का वाचायचं? कारण वाशिम, रिसोड, कारंजाच्या अभ्यासिकांमध्ये बसलेले आपण अनेक जण याच नोकरीसाठी घासतोय. शिवाय आपल्यापैकी कित्येकांची फी आई-बाबांच्या याच नोकरीतून भरली जाते.

आधी नियम बघू. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ मधला नियम २७. गंभीर गैरवर्तन किंवा निष्काळजीपणा सिद्ध झाला, तर शासन पेन्शन कमी करू शकतं, रोखू शकतं, झालेलं नुकसान वसूल करू शकतं. नोकरीत असताना सुरू झालेली चौकशी निवृत्तीनंतरही चालू राहते. निवृत्तीनंतर नव्याने सुरू करायची तर शासनाची मंजुरी लागते आणि घटना चार वर्षांपेक्षा जुनी चालत नाही. चौकशी संपेपर्यंत तात्पुरती पेन्शन मिळते, ग्रॅच्युइटी मात्र साधारणपणे अडकते.

मला हा नियम चुकीचा वाटत नाही. शेततळं कागदावर खोदून, बिलं काढून कुणी ३१ तारखेला हार घालून घरी गेला, तर त्याला ‘जाऊ द्या, आता रिटायर झाले’ म्हणायचं? तो पैसा आपल्याच गावाचा होता. निवृत्ती म्हणजे माफी नव्हे.

माझा राग आहे तो उशिरावर. समजा, एका ग्रामसेवकाच्या कामावर ऑडिटमध्ये आक्षेप निघाला. फाईल टेबलावर पडून राहिली. निवृत्तीला महिना उरला आणि सगळ्यांना जाग आली. घाईघाईत दोषारोपपत्र हातात दिलं. नोकरीतच सुरुवात झाली म्हणून चार वर्षांची अट आडवी येत नाही. पुढे साक्षीदारांची बदली, कागद गहाळ, चौकशी अधिकारी बदलले. माणूस दोषी असेल तर तो पुरावे विरण्याची वाट बघतो. निर्दोष असेल तर लेकीची ॲडमिशन आणि घराचं कर्ज ग्रॅच्युइटीच्या भरवशावर टांगून बसतो. म्हणजे उशिराचा फायदा चोराला आणि शिक्षा सज्जनाला!

ठरवलं तर व्यवस्था हलते, हे वाशिमकरांना वेगळं सांगायला नको. जुलै २०२४ मध्ये आपल्याकडे बदलून आलेल्या प्रशिक्षणार्थी आयएएस अधिकाऱ्याचं प्रकरण देशभर गाजलं. ३१ जुलैला यूपीएससीने उमेदवारी रद्द केली, ६ सप्टेंबरला केंद्राने सेवेतून मुक्त केलं. परिविक्षाधीन अधिकाऱ्यांचे नियम वेगळे असतात, हे मान्य. पण कॅमेरे लागले की दोन महिन्यांत निर्णय होतो आणि कॅमेरे नसले की फाईल झोपते, हे काही बरोबर नाही.

सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये सांगितलंय की विभागीय चौकशी शक्यतो सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात संपवा. त्याही आधी, १९८२ च्या नकारा खटल्यात, पेन्शन ही सरकारची मेहेरबानी नाही, कर्मचाऱ्याचा हक्क आहे, असं याच न्यायालयाने बजावलं. निकालाचा तो दिवस, १७ डिसेंबर, आजही पेन्शनर्स डे म्हणून पाळला जातो.

मग करायचं काय? निवृत्तीच्या दोन वर्षं आधी प्रत्येकाची प्रलंबित प्रकरणं तपासा. आरोप असेल तर तेव्हाच दोषारोपपत्र द्या. चौकशी एका वर्षात संपली नाही आणि उशीर कर्मचाऱ्यामुळे झालेला नसेल, तर त्याची ग्रॅच्युइटी मोकळी करा. आणि ज्याने फाईल दाबून ठेवली, त्यालाही जाब विचारा. तो मात्र नेहमी सुटतो.

उद्या आपल्यातलं कुणी तलाठी होईल, कुणी बीडीओ. तेव्हा एखादी नकोशी फाईल आपल्याही टेबलावर येईल. ती पुढच्या माणसावर ढकलायची की नाही, हे आपल्याला ठरवता येईल.